माळ उतरवलेल्या आईला नामस्मरण सुचवावं का?

तुमचा प्रश्न मी दोनदा वाचला. थोडक्यात तो असा. समुपदेशनाचं काम सुरू करून तुम्हाला दीड वर्ष झालं आहे. तुमच्याकडे ५२ वर्षांच्या एक बाई येतात, वारकरी घरातल्या. २३ वर्षांचा मुलगा मोटारसायकलच्या अपघातात गेला, त्याला आठ महिने झाले. तेव्हापासून त्यांचा हरिपाठ बंद, एकादशी बंद, गळ्यातली तुळशीची माळ काढून डब्यात ठेवलेली. यजमान म्हणतात, "मॅडम, हिला परत नामस्मरणाला लावा, म्हणजे ही सावरेल." तुम्ही स्वतः देव मानत नाही. शिकताना तुम्हाला सांगितलं होतं की धर्माच्या विषयापासून चार हात लांब राहायचं. मग आता थेरपीत अध्यात्म आणायचं का, आणायचं तर कसं, आणि निदान ध्यान तरी द्यावं का, असं तुम्ही विचारलं आहे.

मी क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट म्हणून २६ वर्षं काम करते आहे, त्यातली बरीचशी फलटण भागात. ज्ञानेश्वर महाराजांच्या पालखीचा मुक्काम आमच्या गावात असतो, त्यामुळे माळ घातलेली माणसं माझ्याकडे रोजचीच. या अनुभवावरून सांगते, सगळ्यांना लागू पडेल असा दावा नाही.

तुम्ही अध्यात्म आणायचं ठरवा किंवा नका ठरवू, ते पहिल्या दिवशीच आत आलेलं आहे. डब्यातली ती माळ म्हणजे दुसरं काय? या बाईंच्या आयुष्यात दोन नाती एकाच दिवशी तुटली, एक मुलाशी आणि एक विठ्ठलाशी. पहिल्याबद्दल सगळे बोलतात, दुसऱ्याबद्दल कुणीच विचारत नाही. "परत सुरू कर" एवढंच सगळे सांगतात. तुम्हीही नामस्मरण सुचवलंत, तर ते सांगणाऱ्यांच्या रांगेत तुम्ही आणखी एक. आणि विषयच टाळलात, तर ज्याच्यावर त्या सगळ्यात जास्त रागावल्या आहेत, त्याचं नाव तुमच्या खोलीत घेता येत नाही असं त्यांना कळेल. तेव्हा देव आहे की नाही हा प्रश्न बाजूला ठेवा, तो सोडवणं आपलं काम नाही. देवाशी त्यांचं आज काय चाललं आहे, हे मात्र नक्की आपलं काम आहे. नवऱ्याशी, सासूशी, भावाशी काय चाललं आहे हे आपण विचारतोच ना, तसंच.

दुसरी गोष्ट, नामस्मरण हे ध्येय यजमानांचं आहे. बाईंनी स्वतः काय मागितलं, ते तुमच्या प्रश्नात कुठेच आलेलं नाही. पुढच्या भेटीत आधी ते विचारा. माझा अंदाज आहे की त्या झोपेबद्दल सांगतील, किंवा मुलाच्या खोलीत पाऊल टाकवत नाही असं काहीतरी.

आता जे परिस्थितीवर अवलंबून आहे ते. सगळ्यात आधी जीवाची काळजी. आपल्याकडे "पांडुरंगा, आता उचल मला" हे वाक्य म्हातारी माणसं गुडघा दुखला तरी म्हणतात. तेच वाक्य मुलगा गेलेली आई म्हणते तेव्हा ते नुसती बोलण्याची पद्धत म्हणून सोडून द्यायचं नाही. मी सरळ विचारते, "काकू, देवानं न्यावं असं वाटतं, की आपणच जावं असं मनात येतं? कसं जायचं याचा विचार आला का? घरात औषध, फवारणीचं काही आहे का?" शेतकरी घरात कीटकनाशक हाताशी असतं, म्हणून शेवटचा प्रश्न मी कधीच गाळत नाही. असं विचारल्यानं विचार डोक्यात भरतो ही भीती खोटी आहे, उलट बहुतेकांना हायसं वाटतं. उत्तर "हो"च्या बाजूला झुकलं, तर बाकी सगळं थांबवून घरच्यांना सोबत घ्यायचं आणि मानसोपचारतज्ज्ञांकडे त्याच दिवशी पाठवायचं. टेलि-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा नंबर रात्री-अपरात्रीही चालतो. तो मी कागदावर मोठ्या अक्षरात लिहून देते, कारण मोबाइलमध्ये साठवलेला नंबर ऐन वेळी सापडत नाही.

त्यानंतर बघायचं ते दुःखाचं स्वरूप. जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-११ या रोगनिदानाच्या पुस्तकात 'दीर्घकाळ रेंगाळलेलं दुःख' हे निदान सहा महिन्यांनंतर करता येतं, अमेरिकेच्या डीएसएम-५-टीआर या तशाच पुस्तकात मोठ्यांसाठी बारा महिन्यांनंतर. म्हणजे आठव्या महिन्यात एका पुस्तकाप्रमाणे त्या बसतील, दुसऱ्याप्रमाणे नाही. मी इथे घाई करत नाही. समाजाच्या रीतीपेक्षा दुःख जास्त आहे का, हेही आयसीडीत बघायला सांगितलेलं आहे. पोटचं तरुण पोर गेल्यावर पहिली दिवाळीही उलटली नसेल, तर आपली माणसं "ती रडतेच आहे" याला आजार म्हणणार नाहीत, आणि बरोबरच आहे ते. पण जेवण तुटलंय, वजन उतरलंय, अंघोळीला उठवत नाही, असं असेल तर नैराश्य वेगळं तपासा. अपघाताचं दृश्य डोळ्यांपुढे उभं राहतं का, तेही विचारा. याचा संबंध ध्यानाशी आहे, त्याकडे पुढे येते.

माझी एक चूक सांगते, कारण ती तुमच्याच वाटेवरची आहे. कामाला लागून तीनेक वर्षं झाली असतील. अशाच एक बाई होत्या, मुलगी गेलेली. (ओळख पटू नये म्हणून तपशील बदलते आहे.) त्यांनी विचारलं, "माझं काय चुकलं म्हणून त्यानं असं केलं?" मी देव मानते. घरी रोज दिवा लागतो. माझ्या तोंडून निघून गेलं, "अहो, देव आपल्या माणसांचीच परीक्षा बघतो." त्यांनी मान हलवली, पदर सावरला, पैसे दिले आणि पुढचे पाच महिने फिरकल्याच नाहीत. परत आल्या तेव्हा म्हणाल्या, "परीक्षा घ्यायला माझी लेक कशाला घेतली, एवढंच मला विचारायचं होतं. पण तुम्हीबी त्याच्याच बाजूच्या निघाला." त्या दिवशी मी जे शिकले त्यावर आजही काम करते. माझी श्रद्धा मी त्यांच्या प्रश्नावर झाकणासारखी ठेवली होती. म्हणून तुम्ही देव मानत नाही याची मला फारशी काळजी वाटत नाही. मानणाऱ्याच्या हातून हा अपराध जास्त सहज होतो.

न मानणाऱ्याची चूक वेगळी असते. तो मनात म्हणतो, बरं झालं, सुटली एकदाची, आणि माळ उतरवणं हे प्रगतीचं लक्षण धरतो. असं काही मनात हलतंय का, ते तपासून बघा. अल्बर्ट एलिस स्वतः पक्के नास्तिक, आणि आपल्याकडे त्यांच्या विवेकनिष्ठ उपचारपद्धतीचा मोठा वर्ग आहे, मीही त्यातूनच शिकले. "देवानं माझं भलं केलंच पाहिजे" या वाक्यातला 'च', म्हणजे त्यातली हट्टाची मागणी, पकडायचा मोह आपल्याला लगेच होतो. शोकात असलेल्या आईचा 'च' पहिल्या महिन्यांत पकडू नका. ती विवेकाची चूक करत नाहीये, भांडते आहे.

आणि भांडायला आपल्या परंपरेत जागा आहे, हे तुम्हाला माहीत असलं पाहिजे. १६३० च्या दुष्काळात तुकोबांची पहिली बायको गेली, मुलगा गेला. ज्यांना आपण संतांमधला कळस म्हणतो, त्यांनी विठ्ठलाला किती जाब विचारला आहे ते गाथा उघडून बघा. जनाबाईंनी तर त्याला मोकळ्या तोंडानं शिव्या घातल्या आहेत. वारकरी बाईला हे आपल्यापेक्षा जास्त ठाऊक असतं, फक्त आपल्याला ते लागू आहे असं वाटत नसतं. मी ते शिकवायला जात नाही. एवढंच विचारते, "त्याच्यावर रागावायची तुमच्याकडे रीत आहे का?" बहुतेक वेळा समोरची व्यक्ती थोडा वेळ गप्प राहते आणि मग बोलायला लागते.

संशोधनाचाही इथे आधार आहे. केनेथ पार्गमेंट या मानसशास्त्रज्ञांनी संकटातल्या श्रद्धेचे दोन प्रकार वेगळे केले, आधार देणारी आणि झगड्यात अडकलेली. देवानं टाकलं, देवानं शिक्षा केली, या भावनेत माणूस वर्षानुवर्षं अडकून राहिला तर प्रकृतीवर वाईट परिणाम दिसतो. त्यांच्या चमूचा २००१ मधला, आजारी वृद्धांवरचा अभ्यास तेच सांगतो. म्हणून मी रुसवा आणि शिक्षा यांत फरक करते. "तू असा कसा वागलास" म्हणणारी बाई अजून नात्यात आहे. "माझंच पाप, मागच्या जन्मीचं" म्हणणारी बाई एकटी पडली आहे आणि तिथे मला जास्त काम आहे. कर्मसिद्धांत खरा की खोटा या वादात मी शिरत नाही. मी विचारते, "हे वाक्य तुम्हाला पहिल्यांदा कुणी ऐकवलं?" कितीदा तरी उत्तर निघतं, दहाव्याला आलेल्या कुणा नातेवाइकानं. मग ते वाक्य देवाचं राहत नाही, त्या नातेवाइकाचं होतं, आणि त्याच्याशी बोलता येतं.

विचारायचं कसं, हा तुमचा खरा अडसर दिसतो. "तुम्ही धार्मिक आहात का?" हा प्रश्न निरुपयोगी. त्याचं उत्तर "हो, आपलं दिवाबत्ती करते" असंच येतं. क्रिस्टिना पुचाल्स्की या डॉक्टरांनी १९९० च्या दशकात श्रद्धेचा इतिहास घेण्याची एक सोपी पद्धत बसवली. त्यात श्रद्धा काय, तिचं महत्त्व किती, सोबतीला कोण, आणि उपचारात तिची दखल कशी घ्यायची, अशा चार अंगांनी विचारतात. माझ्या बोलीत ते असं होतं: कठीण वेळी आजवर कशानं उभं राहिलात? आता त्याचा आधार लागतो का, की टोचतं? त्या वाटेवरची माणसं अजून येतात-जातात का? याबद्दल इथे बोललेलं चालेल का, की नको? शेवटचा प्रश्न मनापासून विचारायचा. "नको" आलं तर विषय तिथेच थांबवायचा.

तिसऱ्या प्रश्नावर जरा थांबा. माळ काढली की बाई फक्त देवाला मुकत नाही, दिंडीला मुकते. संध्याकाळी हरिपाठाला बसणाऱ्या आठ-दहा बायका, दर वर्षी पालखीबरोबर चालताना एका राहुटीत झोपलेल्या, एकमेकींच्या पायांच्या फोडांना तेल लावलेल्या. त्या बायका आता येत नाहीत, कारण त्यांना वाटतं "तिनं सोडलंय, आपण गेलो तर तिला वाईट वाटेल". आणि हिला वाटतं, "माळ काढली म्हणून मला टाकली". माझ्या अनुभवात कित्येकदा सगळ्यात लवकर हलणारी गाठ हीच असते. नामस्मरणाशिवायही दिंडीतली एखादी मैत्रीण घरी येऊन भाकरी थापू शकते. तसं बोलावणं धाडायचं का, हे बाईंना विचारा.

आता माळेकडे. ती कुठे ठेवलीय, कधी काढली, कुणी बघत होतं का, काढताना काय वाटलं, हे सगळं सावकाश विचारा. माझ्याकडे आलेल्या त्या मुलगी गेलेल्या बाईंनी माळ पर्समध्ये बरोबर आणली होती. प्लॅस्टिकची डबी, हळदीकुंकवाच्या असतात तसली. मी उघडायला सांगितलं नाही. तीन भेटींनंतर त्यांनी आपणहून झाकण काढलं, बोटानं दोन मणी सरकवले आणि परत लावलं. म्हणाल्या, "फेकायची होती चंद्रभागेत. झाली नाही हिंमत." त्या तासात मी जेमतेम चार वाक्यं बोलले असेन. पुढे त्यांनी माझ्यासमोर विठ्ठलाला जाब विचारला, मोठ्यानं, रिकाम्या खुर्चीकडे बघून. ते तंत्र मी सुचवलेलं, पण शब्द, लय सगळं त्यांचं, जात्यावरच्या ओवीसारखं. वर्षभरानं त्या पंढरपूरला गेल्या. परत येऊन म्हणाल्या, "आत नाही गेले. नामदेव पायरीपाशी उभी राहून कळस बघितला आणि फिरले." वारकऱ्यांत कळसाचं दर्शनही दर्शनच धरतात. त्यांनी स्वतःला झेपेल इतकं अंतर ठेवून नातं धरलं होतं. माळ पुन्हा घातली की नाही, हे मी कधी विचारलं नाही.

तुम्ही विचारलं होतं की मग ध्यान तरी द्यावं का. जॉन कबात-झिन यांनी १९७९ मध्ये मॅसॅच्युसेट्समध्ये सजगतेचा कार्यक्रम सुरू केला, तेव्हापासून ध्यान उपचारात रुळलं आहे. मीही वापरते. पण अपघाताची दृश्यं डोळ्यांपुढे येणाऱ्या माणसाला डोळे मिटून, श्वासाकडे लक्ष देत वीस मिनिटं बसवणं म्हणजे त्याला त्या रस्त्यावर एकटं सोडणं. मी डोळे उघडे ठेवून, पाय जमिनीला टेकवून, दोन-तीन मिनिटांपासून सुरुवात करते, तेही झोप जरा बरी झाल्यावर. "इगतपुरीला दहा दिवस पाठवू का?" असं घरचे हमखास विचारतात. विपश्यना शिबिर गंभीर मानसिक आजाराच्या माणसांसाठी नाही, हे शिबिराच्या नियमांतही लिहिलेलं असतं. ताज्या शोकात, आत्महत्येचे विचार असताना दहा दिवसांचं मौन मी सुचवत नाही.

तुमच्या बाईंना लागू नाही, पण कधीतरी भेटेल म्हणून एक सांगते. सगळाच जप हा जप नसतो. एक तरुण मुलगा होता. १०८ मोजताना मध्ये घाणेरडा विचार आला की पहिल्यापासून सुरुवात. रोज तीन तास. घरच्यांना त्याचा अभिमान वाटत होता. तो मंत्रचळ होता, ओसीडी. तिथे जप वाढवणं म्हणजे आगीत तेल. त्याच्या परवानगीनं मी त्याच्या गावच्या कीर्तनकार महाराजांशी बोलले आणि त्यांनी त्याला समोर बसवून सांगितलं, "आपल्यात परत पहिल्यापासून म्हणायचा नियम नाही." तो निर्णय मी दिला असता तर त्याला पटला नसता. मग टप्प्याटप्प्यानं, विचार आला तरी पुढचा मणी ओढायचा, असा सराव केला. दोघांत फरक कसा ओळखायचा? भक्तीतला जप संपल्यावर माणूस सैल होतो, मंत्रचळातला संपतच नाही.

औषधं चालू असतील तर उपवासाची चौकशी जरूर करा. एकादशीला गोळीही "खायची नाही" असं समजणारे पुष्कळ. लिथियम (मनःस्थितीच्या तीव्र चढउतारांवरचं औषध) चालू असलेल्या माणसानं निर्जळी उपवास केला तर अंगातलं पाणी कमी होऊन रक्तात लिथियमची पातळी धोक्याइतकी चढू शकते. नवरात्र, रमजान जवळ आला की मी डॉक्टरांशी बोलून घ्यायला आधीच सांगते. उपवास मोड असं मी म्हणत नाही, आणि गोळ्यांच्या वेळा डॉक्टरच बदलतात.

देवऋषी, भगत, गाणगापूर यांबद्दलही घरातून विषय निघेल. हसू नका, रागावू नका. कुठे गेले होते, काय केलं, किती खर्च झाला, बरं वाटलं का, एवढं विचारा. मी रेष तीन ठिकाणी ओढते: मारहाण, कोंडणं किंवा बांधणं, आणि गोळ्या बंद करायला लावणं. तमिळनाडूत एरवाडीला ६ ऑगस्ट २००१ रोजी साखळदंडानं बांधलेले २८ मनोरुग्ण आगीत जळून गेले. साखळी कुठे नेते, ते तेव्हा देशानं पाहिलं. महाराष्ट्रात २०१३ चा जादूटोणाविरोधी कायदा भूत उतरवण्याच्या नावाखाली मारहाण करणं गुन्हा ठरवतो, आणि वारी, कीर्तन, भजन यांना तो हात लावत नाही. ही दुसरी बाजूही घरच्यांना सांगा, म्हणजे तुम्ही धर्माच्या विरोधात बोलताय असं त्यांना वाटणार नाही.

"मॅडम, तुम्ही देव मानता का?" हे बाई एक दिवस विचारतीलच. खोटं बोलू नका, व्याख्यानही नको. "मी तुमच्यासारखी वाढले नाही, माझं थोडं वेगळं आहे. पण तुमचं आणि त्याचं काय चाललंय ते मला समजून घ्यायचंय. माझं वेगळं असणं तुम्हाला अडचणीचं वाटतं का?" असं काहीसं. अडचण आहे म्हणाल्या तर दुसऱ्या कुणाचं नाव देण्यात कमीपणा नाही. आणि आपण मंत्र द्यायचा नाही, अंगारा द्यायचा नाही, प्रसाद वाटायचा नाही, एखाद्या महाराजांचं नाव सुचवायचं नाही. समोरचा माणूस मोडलेला असताना आपल्या शब्दाला फार वजन येतं.

राहिले यजमान. बायकोनं माळ काढली याचा त्यांना एवढा त्रास का होतो, ते बघा. त्यांचाही मुलगा गेला आहे. ते हरिपाठाला एकटे बसतात आणि बाजूची जागा रिकामी दिसते. पुढचा फोन आला की त्यांना सांगा, "काका, नामस्मरणाचं त्यांच्यावर सोडू. तुम्ही संध्याकाळी बसता तेव्हा तुमच्या मनात काय येतं, ते ऐकायला मला आवडेल. येता का एकदा?" आणि बाईंची परवानगी घेतल्याशिवाय त्यांनी आत काय सांगितलं, यातलं एक अक्षरही यजमानांना सांगू नका.